नेतृत्व तुरुंगात असताना : मुंबईतील गिरणी कामगारांचे स्वयंसंघटन (१९०८–१९५६)

प्रस्तावना

ठाकूरद्वार हा गिरगावातील परिसर मुंबईच्या मराठी मध्यमवर्गाची वस्ती म्हणून परिचित आहे. चाळी, छापखाने, वाचनालये, व्याख्यानमाला आणि सार्वजनिक गणेशोत्सव ही या वस्तीची ओळख. येथून काही मैलांवर लालबाग, परळ, शिवडी, नायगाव आणि वरळी हा गिरणगावाचा पट्टा सुरू होत असे. एका वस्तीत कारकून, शिक्षक, छापखान्यातील जुळारी व दुकानदार राहत, तर दुसरीत साचेखात्यातील व कताईखात्यातील कामगार. एरवी या दोन वस्त्यांचे जीवन बऱ्याच अंशी वेगळे होते. राजकीय उलथापालथीच्या प्रसंगी मात्र त्या एकाच शहराच्या दोन बाजू असल्याप्रमाणे वागल्या, असे इतिहासात एकाहून अधिक वेळा दिसते.

जुलै १९०८, मार्च ते सप्टेंबर १९२९ आणि जानेवारी १९५६ हे असे तीन प्रसंग होत. या तिन्ही प्रसंगांत एक बाब समान आहे. ज्यांना चळवळीचे नेते मानले जात होते, ते किंवा त्यांच्यापैकी प्रमुख व्यक्ती त्या वेळी अटकेत होत्या. तरीही गिरण्या बंद पडल्या, रस्ते ओस पडले किंवा माणसांनी भरून गेले, आणि शासनाला पोलीस वा लष्कर रस्त्यावर आणावे लागले. आपल्या इतिहासलेखनात या घटना बहुधा नेत्यांच्या चरित्रांचा भाग म्हणून येतात. लोकमान्यांचा खटला, मीरत कटाचा खटला आणि संयुक्त महाराष्ट्राचे पुढारी या शीर्षकांखाली त्या वाचल्या जातात. कामगार तेथे 'जनसमुदाय' म्हणून उपस्थित असतो. निर्णय घेणारा म्हणून क्वचितच.

नेते उपस्थित नसताना निर्णय कोण घेत होते, निरोप कोणत्या वाटेने जात होता, आणि ही संघटनशक्ती कोठून आली होती, या प्रश्नांचा शोध घेणे हा प्रस्तुत निबंधाचा हेतू आहे. त्याचबरोबर या संघटनशक्तीच्या मर्यादा कोणत्या होत्या आणि ती टिकली का नाही, याचाही विचार येथे केला आहे.

१. पूर्वपीठिका : गाळा, खानावळ आणि जॉबर

मुंबईतील पहिली कापड गिरणी कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये ताडदेव येथे स्थापन केली. त्यानंतरच्या अर्धशतकात रत्नागिरी, सातारा, कोल्हापूर, पुणे, अहमदनगर इत्यादी जिल्ह्यांतून हजारो माणसे गिरण्यांत आली. त्यांतील बरेच पुरुष एकटे येत. एका गाळ्यात अनेक जण राहत. एक पाळी कामावर असताना दुसरी तेथे झोपत असे. जेवणाची सोय खानावळीत होई आणि खानावळी बहुधा स्त्रिया चालवीत. एका गावच्या माणसांची गावकीची खोली असे, तिचा निधी असे, आणि आजारपण, मृत्यू किंवा बेकारी अशा प्रसंगी त्या निधीतून मदत मिळे. भजनी मंडळ, आखाडा, गणेशोत्सव मंडळ व भिशी याही याच स्वरूपाच्या व्यवस्था होत्या. वर्गणी गोळा करणे, हिशेब ठेवणे, बैठक बोलावणे आणि भांडण मिटविणे या गोष्टी कामगार येथे शिकले. कामगार संघटनेला नेमक्या याच गोष्टींची गरज असते.

गिरणीच्या आत परिस्थिती वेगळी होती. तेथे जॉबरचे राज्य होते. कामावर घेणे, काढणे, बदली कामगाराला रोज काम देणे वा न देणे हे त्याच्या हाती असे. त्यासाठी त्याला दस्तुरी द्यावी लागे. अनेकदा तोच कर्ज देई आणि खोलीही मिळवून देई. स्त्रियांच्या खात्यांत हीच सत्ता नायकिणीकडे असे. मात्र जॉबरची सत्ताही निरंकुश नव्हती. आपल्या खात्यातील माणसे टिकवायची तर त्याला वस्तीतील आपली पत सांभाळावी लागे, आणि त्यामुळे काही संपांत जॉबर मालकांच्या बाजूने तर काहींत कामगारांच्या बाजूने उभे राहिलेले दिसतात. राजनारायण चंदावरकर या इतिहासकाराने गिरणी कामगारांच्या राजकारणाचा उगम केवळ कारखान्यात न शोधता त्यांच्या वस्तीतही शोधला पाहिजे, असे जे प्रतिपादन केले, त्याचा आधार या वस्तुस्थितीत आहे.

औपचारिक संघटनेचा आरंभ नारायण मेघाजी लोखंडे यांच्या कार्यापासून मानला जातो. १८८४ मध्ये परळ भागात कामगारांच्या सभा भरवून त्यांनी साप्ताहिक सुटी, दुपारची विश्रांती, वेळेवर वेतन व अपघातभरपाई या मागण्या पुढे आणल्या. सुमारे साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचे निवेदन त्या वेळी तयार झाले. रविवारच्या सुटीची मागणी १८९० मध्ये मान्य झाली. परंतु लोखंडे यांच्या संस्थेला नोंदणीकृत सभासद, वर्गणी व घटना नव्हती. १८९७ मध्ये प्लेगच्या साथीत लोखंडे यांचे निधन झाले आणि त्यानंतर १९०८ पर्यंत गिरणगावात कामगारांची म्हणता येईल अशी प्रभावी संघटना उरली नव्हती. पुढील घटनेचे महत्त्व या पार्श्वभूमीवर लक्षात घेतले पाहिजे.

२. जुलै १९०८ : संघटनेशिवाय संप

मुजफ्फरपूरच्या बॉम्बप्रकरणानंतर 'केसरी'त प्रसिद्ध झालेल्या लेखांवरून लोकमान्य टिळकांना २४ जून १९०८ रोजी मुंबईत अटक झाली. १३ जुलैपासून उच्च न्यायालयात न्यायमूर्ती दिनशा दावर यांच्यासमोर खटला चालला. २२ जुलैच्या रात्री ज्यूरीने सात विरुद्ध दोन मतांनी टिळकांना दोषी ठरविले आणि सहा वर्षे काळ्या पाण्याची शिक्षा सुनावण्यात आली. त्यानंतर मुंबईतील गिरण्या एकामागून एक बंद पडल्या. सहा वर्षांच्या शिक्षेला सहा दिवसांचा संप, हे त्या वेळचे उत्तर लोकस्मृतीत कायम राहिले. कापडबाजार व गिरगावसह अनेक भागांतील दुकाने बंद राहिली. लष्कर बोलावण्यात आले आणि गोळीबारात कामगार मृत्युमुखी पडले. रशियन क्रांतिकारक लेनिन यांनी त्याच वर्षी लिहिलेल्या लेखात या संपाची दखल घेऊन भारतीय कामगारवर्ग जाणीवपूर्वक राजकीय लढ्यात उतरल्याचे म्हटले.

या संपात वेतनाची वा कामाच्या तासांची मागणी नव्हती. संप पुकारणारी समिती नव्हती, निधी नव्हता आणि ज्यांच्यासाठी तो झाला ते टिळक स्थानबद्ध होते. मग तो घडला कसा? टिळक व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९०७-०८ मध्ये दारूविरोधी व स्वदेशीच्या प्रचारानिमित्त गिरणगावाशी संबंध जोडला होता, हे एक कारण निश्चितच आहे. वृत्तपत्रे मोठ्याने वाचून दाखविण्याची प्रथा चाळींत होती. ज्याला अक्षरओळख नव्हती त्यालाही न्यायालयातील कामकाज ठाऊक होत असे. परंतु सहानुभूती निर्माण होणे आणि गिरणी प्रत्यक्ष बंद पडणे यांत अंतर आहे. हे अंतर कामगारांनी आपल्या परिचित पद्धतीने ओलांडले. एका गिरणीतून बाहेर पडलेले कामगार शेजारच्या गिरणीच्या दरवाजाशी जात आणि आतील कामगारांना बाहेर येण्यास सांगत. प्रसंगी दगडफेकही होई. गिरण्या एकमेकींना लागून असल्यामुळे आणि एका चाळीत अनेक गिरण्यांचे कामगार राहत असल्यामुळे निरोप पसरण्यास वेगळ्या यंत्रणेची आवश्यकता भासली नाही.

तथापि या संपाला दुसरी बाजूही आहे. सहा दिवसांनंतर कामगार कामावर परतले आणि मागे कोणतीही कायम संघटना राहिली नाही. पुढील वर्षी, १९०९ मध्ये, सी. के. बोले प्रभृतींच्या पुढाकाराने कामगार हितवर्धक सभा स्थापन झाली. परंतु तिचे स्वरूप कल्याणकारी व सनदशीर होते. १९०८ ने हे दाखवून दिले की कामगार स्वतःच्या बळावर शहर थांबवू शकतात. थांबविल्यानंतर पुढे काय, या प्रश्नाला त्या वेळी उत्तर नव्हते.

३. गिरणी समित्या : १९२८-२९

हे उत्तर शोधण्याचा सर्वांत गंभीर प्रयत्न वीस वर्षांनी झाला. मधल्या काळात १९१९ व १९२० चे मोठे संप, १९२४ चा बोनससाठीचा संप आणि १९२५ चा वेतनकपातीविरुद्धचा संप झाला होता. १९२५ मध्ये साडेअकरा टक्के कपात मागे घेण्यास मालकांना भाग पडले, आणि सरकारने कापडावरील अबकारी कर उठविला. १९२३-२४ मध्ये स्थापन झालेल्या गिरणी कामगार महामंडळात अर्जुन आत्माराम आळवे व कासले यांच्यासारखे प्रत्यक्ष कामगार पुढारीपणा करीत होते. १९२६ मध्ये ना. म. जोशी यांनी बॉम्बे टेक्स्टाइल लेबर युनियन स्थापन केली. त्याच वर्षी कामगार संघटनांना कायदेशीर मान्यता देणारा कायदा संमत झाला.

१९२८ च्या संपाचे मूळ नव्या कार्यपद्धतीत होते. एका कामगाराने अधिक माग व अधिक चात्या सांभाळाव्यात अशी योजना मालकांनी आणली. तिचा अर्थ काहींची बेकारी आणि उरलेल्यांवर वाढीव भार असा होता. एप्रिलच्या अखेरीपासून ६ ऑक्टोबरपर्यंत सुमारे दीड लाख कामगार संपावर होते. ना. म. जोशी यांच्यासारखे नेमस्त आणि श्रीपाद अमृत डांगे, र. शि. निंबकर, शां. सा. मिरजकर, के. नी. जोगळेकर यांच्यासारखे कम्युनिस्ट या दोघांनी मिळून संयुक्त संप समिती स्थापन केली आणि सतरा मागण्या मांडल्या. मे १९२८ मध्ये गिरणी कामगार युनियनची नोंदणी झाली. तिचा लाल बावटा पुढे गिरणगावाची खूण ठरला. डिसेंबर १९२८ पर्यंत तिची सभासदसंख्या ५४ हजारांपर्यंत पोहोचल्याचे नमूद आहे. त्या काळातील भारतात एवढी मोठी कामगार संघटना अपवादात्मकच होती.

या वाढीचे श्रेय सामान्यतः नेत्यांच्या वक्तृत्वाला दिले जाते. त्यांच्या सभा प्रचंड होत, यात शंका नाही. परंतु सभेला आलेला कामगार वर्गणी देणारा सभासद होण्यास एक कायम दुवा लागतो आणि तो दुवा गिरणी समितीचा होता. प्रत्येक गिरणीतील कामगार आपले प्रतिनिधी निवडीत. हे प्रतिनिधी वर्गणी गोळा करीत, खात्यातील तक्रारी नोंदवीत, व्यवस्थापनाशी बोलत आणि युनियनच्या मध्यवर्ती मंडळाला खालची बातमी देत. संपकाळात धान्यवाटपाच्या कामातही अशा स्थानिक कार्यकर्त्यांचाच आधार होता. संप संपल्यानंतर या समित्यांनी एका मूलभूत प्रश्नाला हात घातला. खात्यात कोणाचे ऐकायचे, जॉबरचे की समितीचे? आजवर कामगाराची तक्रार जॉबरमार्फतच वर जात असे आणि बहुतेकदा ती जॉबरविरुद्धच असे. समितीमुळे प्रथमच दुसरा मार्ग उपलब्ध झाला. मालक व अनेक जॉबर या दोघांनाही समित्या डोईजड वाटू लागल्या, याचे कारण येथे सापडते.

युरोपातील समकालीन घडामोडींशी या समित्यांची तुलना उद्बोधक ठरेल. रशियात १९०५ मध्ये व पुन्हा १९१७ मध्ये कामगार प्रतिनिधींच्या परिषदा उदयाला आल्या. इटलीत १९१९-२० मध्ये तुरीन शहरातील कारखान्यांत परिषदा स्थापन झाल्या आणि अंतोनिओ ग्रामची यांनी त्यांच्यात नव्या राज्यव्यवस्थेचे बीज पाहिले. मुंबईच्या समित्यांची आकांक्षा एवढी व्यापक नव्हती. उत्पादन ताब्यात घेण्याचा प्रयत्न त्यांनी केला नाही. बडतर्फी, दंड, दस्तुरी आणि अपमान यांविषयी कामगाराला बोलता यावे, एवढीच त्यांची मागणी होती. परंतु जेथे कामगाराची हजेरीसुद्धा दुसऱ्याच्या मर्जीवर अवलंबून होती, तेथे ही मागणी लहान म्हणता येत नाही.

२० मार्च १९२९ रोजी सरकारने देशभर धाड घालून कामगार पुढाऱ्यांना अटक केली. एकतीस जणांवर मीरत येथे कटाचा खटला भरण्यात आला. डांगे, निंबकर, मिरजकर, जोगळेकर, घाटे यांच्याबरोबरच आळवे व कासले हे कामगार पुढारीही त्यांत होते. युनियनचे जवळजवळ संपूर्ण मध्यवर्ती नेतृत्व एका दिवसात नाहीसे झाले. युनियन मात्र त्या दिवशी संपली नाही. जी. एल. कांदळकर अध्यक्ष झाले, दुसऱ्या फळीतील कार्यकर्ते पुढे आले आणि २६ एप्रिल १९२९ रोजी दुसरा सार्वत्रिक संप सुरू झाला. वाडिया समूहाच्या गिरण्यांतील बडतर्फीचा प्रश्न हे त्याचे तात्कालिक कारण होते. गिरणी समित्यांना काम करू द्यावे, हा त्यातील एक कळीचा मुद्दा होता.

हा संप अयशस्वी ठरला. आदल्या वर्षीच्या सहा महिन्यांच्या संपाने कामगारांची शिल्लक संपली होती, अनेकांवर कर्ज होते, आणि पर्यायी कामगार भरतीही सुरू झाली होती. सप्टेंबरपर्यंत कामगार परतले, समित्यांतील कार्यकर्त्यांना कामावरून काढण्यात आले आणि सभासदसंख्या झपाट्याने घसरली. नेत्यांच्या अनुपस्थितीत संप सुरू करण्याइतकी शक्ती समित्यांत होती. संप केव्हा थांबवावा, हे ठरविण्यासाठी लागणारी वाटाघाटीची मान्यता मात्र त्यांना कोणी दिली नव्हती.

४. स्वयंसंघटनाच्या अंतर्गत मर्यादा

स्वयंसंघटनाचे वर्णन करताना त्याचे उदात्तीकरण होण्याचा धोका असतो. ज्या वस्तीतून ही शक्ती निर्माण झाली, त्या वस्तीतील भेदही तिच्यात उतरले होते. साचेखात्यात, म्हणजे तुलनेने अधिक वेतनाच्या विणकाम विभागात, अस्पृश्य मानलेल्या जातींच्या कामगारांना प्रवेश नव्हता. धोट्यातील धागा तोंडाने ओढावा लागतो म्हणून विटाळ होतो, हे त्याचे कारण सांगितले जाई, आणि हा बहिष्कार मालकांइतकाच सवर्ण कामगारांनीही टिकविला होता. डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी १९२८ च्या संपाच्या वेळी हा प्रश्न संपाच्या नेत्यांपुढे ठामपणे मांडला. नेत्यांनी तो तत्त्वतः मान्य केला, परंतु संपाचा आधार असलेल्या साचेवाल्यांना दुखविण्याची त्यांची तयारी नव्हती. १९२९ च्या संपाला आंबेडकरांनी विरोध केला, तो या अनुभवाच्या पार्श्वभूमीवर. आपल्याच सहकाऱ्याला खात्याबाहेर ठेवणारी एकजूट ही अपुरी एकजूट होती, हे स्पष्टपणे नोंदविले पाहिजे.

स्त्री कामगारांचे स्थानही असेच होते. या काळात गिरणी कामगारांत सुमारे एक पंचमांश स्त्रिया होत्या आणि त्या प्रामुख्याने वाइंडिंग व रीळ खात्यांत काम करीत. १९२८-२९ च्या संपांत त्यांनी गिरण्यांच्या दरवाजावर पहारे दिले, आणि उषाताई डांगे यांनी त्यांच्यात काम केले. तरी नेतृत्वाच्या पदांवर त्या अभावानेच दिसतात. पुढे स्त्रियांची संख्या गिरण्यांत घटत गेली, तेव्हा त्या घटीविरुद्ध संघटनांचा आवाज क्षीणच राहिला. फेब्रुवारी १९२९ मध्ये शहरात उसळलेल्या दंगलींनी आणखी एक बाब उघड केली. ज्या चाळींतून संपाचा निरोप जात होता, त्याच चाळींतून अफवाही तितक्याच वेगाने पसरत होती.

या भेदांवर मात करण्याचा उल्लेखनीय प्रयत्न ७ नोव्हेंबर १९३८ च्या एक दिवसाच्या संपात झाला. मुंबई प्रांताच्या मंत्रिमंडळाने आणलेल्या औद्योगिक कलह विधेयकाविरुद्ध आंबेडकरांचा स्वतंत्र मजूर पक्ष आणि कम्युनिस्ट एकत्र आले. ही एकजूट अल्पकाळ टिकली, तरी सामायिक अन्यायाविरुद्ध जातीची भिंत ओलांडता येते, याचा तो पुरावा होता.

५. कायदा आणि प्रतिनिधित्व

१९३८ च्या विधेयकाचे कायद्यात रूपांतर झाले आणि त्याची विकसित आवृत्ती म्हणजे १९४६ चा मुंबई औद्योगिक संबंध कायदा. या कायद्याने एका उद्योगात एका संघटनेला प्रतिनिधी म्हणून मान्यता देण्याची व्यवस्था केली. कापड उद्योगात हे स्थान राष्ट्रीय मिल मजदूर संघाला मिळाले. तंटा सामोपचाराने व न्यायाधिकरणापुढे सुटावा, हा कायद्याचा उद्देश होता आणि तो अयोग्य म्हणता येणार नाही. परंतु व्यवहारात त्याचा परिणाम असा झाला की कामगार ज्या संघटनेमागे जात होते तिला बोलण्याचा अधिकार नव्हता, आणि जिला अधिकार होता तिच्यामागे कामगार असतीलच असे नव्हते. १९५० मध्ये समाजवाद्यांच्या नेतृत्वाखाली बोनससाठी सुमारे दोन महिने चाललेला संप याच कोंडीत अयशस्वी झाला.

खात्यातील प्रतिनिधी, गिरणी समिती व दरवाजावरील सभा यांना या कायदेशीर रचनेत जागा उरली नव्हती. त्यामुळे कामगारांची संघटनशक्ती गिरणीच्या भिंतीआड व्यक्त होण्याऐवजी वस्तीत व रस्त्यावर व्यक्त होऊ लागली. १९५५-५६ च्या घटना या दृष्टीने पाहिल्या, तर भाषिक आंदोलनात गिरणगाव इतक्या तीव्रतेने का उतरले, याचे एक अधिक कारण सापडते.

६. जानेवारी १९५६ : गिरगाव आणि गिरणगाव

राज्य पुनर्रचना आयोगाचा अहवाल ऑक्टोबर १९५५ मध्ये प्रसिद्ध झाला. मुंबईसह संयुक्त महाराष्ट्राची मागणी त्याने मान्य केली नाही. त्यानंतर मुंबई वेगळी ठेवण्याचे प्रस्ताव पुढे येऊ लागले. २१ नोव्हेंबर १९५५ रोजी मुंबईत सार्वत्रिक संप झाला आणि विधानसभेकडे निघालेल्या मोर्चावर फ्लोरा फाउंटनजवळ पोलिसांनी गोळीबार केला. त्या दिवशी पंधरा जण मृत्युमुखी पडले. १६ जानेवारी १९५६ रोजी मुंबई केंद्रशासित करण्याचा निर्णय पंतप्रधान नेहरू यांनी नभोवाणीवरून जाहीर केला. या घोषणेच्या सुमारासच मुंबईतील प्रमुख पुढारी व शेकडो कार्यकर्ते यांना पोलिसांनी स्थानबद्ध केले होते. आंदोलन उभे राहण्यापूर्वीच ते नेतृत्वहीन करणे, ही १९२९ चीच पद्धत होती.

तरीही पुढील आठवडाभर गिरगाव, ठाकूरद्वार, लालबाग, परळ, दादर या भागांत जनजीवन ठप्प झाले. वाहतूक थांबली, गिरण्या बंद राहिल्या, रस्त्यांवर अडथळे उभे राहिले आणि पोलिसांनी वारंवार गोळीबार केला. संपूर्ण आंदोलनातील हुतात्म्यांची १०५ ही संख्या रूढ झाली. पुढे ती १०६ व १०७ अशीही नोंदविली गेली. त्यांतील बहुसंख्य या जानेवारीतील होते. हुतात्म्यांमध्ये गिरणी कामगार, फेरीवाले, किरकोळ नोकरी करणारे आणि शाळकरी मुलेही होती. १९०८ प्रमाणेच या वेळीही ठाकूरद्वारच्या चाळींतील मध्यमवर्ग आणि लालबागच्या चाळींतील कामगार एकाच प्रश्नावर रस्त्यावर आले होते. दोन्हीकडे चाळ, व्यायामशाळा व उत्सवमंडळ यांच्यातून वाढलेली ओळख उपयोगी पडली. लाल बावटा कलापथकातून पुढे आलेल्या अण्णा भाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकर या शाहिरांनी राजकीय प्रश्न कामगाराच्या भाषेत आणला होता. त्यासाठी चाळीचे अंगण हेच रंगपीठ होते.

याही वेळी स्वयंस्फूर्त शक्तीची दुसरी बाजू दिसली. गुजराती भाषक व्यापाऱ्यांच्या दुकानांवर हल्ले झाले, लूट झाली. ज्या कामगार चळवळीने भाषेपलीकडील एकजुटीचा पुरस्कार केला होता, तिच्या वस्तीत हे घडावे ही खेदाची गोष्ट होती. दुसरीकडे गोळीबारांची न्यायालयीन चौकशी करण्याची मागणी सरकारने मान्य केली नाही. चिंतामणराव देशमुख यांनी अर्थमंत्रिपदाचा राजीनामा देताना हा मुद्दा आवर्जून मांडला.

१९०८ व १९२९ या दोन प्रसंगांहून १९५६ वेगळे ठरते ते येथून पुढे. ६ फेब्रुवारी १९५६ रोजी पुण्यात संयुक्त महाराष्ट्र समितीची स्थापना झाली. एस. एम. जोशी, डांगे, आचार्य अत्रे यांच्यासारख्या भिन्न मतांच्या व्यक्ती एका व्यासपीठावर आल्या. रस्त्यावर व्यक्त झालेल्या शक्तीला सत्याग्रह आणि निवडणूक असे शिस्तबद्ध मार्ग उपलब्ध झाले. १९५७ च्या निवडणुकांत समितीला मुंबईत व पश्चिम महाराष्ट्रात मोठे यश मिळाले. मीरत खटल्यातील एक आरोपी मिरजकर पुढील वर्षी मुंबईचे महापौर झाले. १ मे १९६० रोजी, म्हणजे कामगारदिनीच, महाराष्ट्र राज्य स्थापन झाले.

७. निष्कर्ष

उपरोक्त तीन प्रसंगांच्या अभ्यासातून पुढील बाबी स्पष्ट होतात.

पहिली बाब अशी की, नेत्यांना अटक केल्याने आंदोलन थांबते हे शासनाचे गृहीतक मुंबईत तिन्ही वेळा चुकीचे ठरले. त्याचे कारण आंदोलनाची यंत्रणा नेत्यांच्या कार्यालयात नव्हती. ती गाळा, खानावळ, गावकी, उत्सवमंडळ आणि गिरणीचा दरवाजा येथे विखुरलेली होती. त्यामुळे तिला एकाच धाडीत पकडता येत नव्हते.

दुसरी बाब अशी की, ही यंत्रणा काम बंद पाडण्यास समर्थ होती. परंतु तडजोड करणे, माघार घेणे व मिळवलेले टिकविणे यासाठी तिला मान्यताप्राप्त प्रतिनिधित्व लागत होते. १९०८ मध्ये ते नव्हते, १९२९ मध्ये ते नाकारले गेले आणि १९५६ मध्ये ते राजकीय प्रश्नापुरते मिळाले. राज्य मिळाले, परंतु गिरणीच्या आतील प्रतिनिधित्वाचा प्रश्न १९४६ च्या कायद्यापाशीच थांबला. १८ जानेवारी १९८२ रोजी डॉ. दत्ता सामंत यांच्या नेतृत्वाखाली सुरू झालेल्या सुमारे अडीच लाख कामगारांच्या संपात वेतनाबरोबरच हा कायदा रद्द करण्याची मागणी होती, ही गोष्ट म्हणूनच आकस्मिक नाही. तो संप औपचारिकरीत्या कधीच मागे घेतला गेला नाही, आणि गिरणगाव त्यातून पुन्हा उभे राहिले नाही.

तिसरी बाब अशी की, खालून उभी राहणारी संघटना आपोआप समतावादी नसते. दलित कामगार, स्त्रिया व अन्य भाषक यांच्याबाबतीत गिरणगावातील एकजूट वारंवार अपुरी पडली, आणि त्या उणिवेची किंमत तिला स्वतःलाच द्यावी लागली.

समारोप

कामगारांच्या वतीने कोणी बोलावे हा प्रश्न इतिहासजमा झालेला नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये अंमलात आलेल्या औद्योगिक संबंध संहितेत आस्थापनेतील ५१ टक्के कामगार सभासद असलेल्या संघटनेला एकमेव वाटाघाटी संघटनेचे स्थान देण्याची तरतूद आहे. तिच्या गुणदोषांची चर्चा कायद्याचे अभ्यासक करतील. मुंबईच्या इतिहासाचा अभ्यासक एवढेच सांगू शकतो की, प्रतिनिधित्वाचा नियम करताना खात्यातील कामगाराला आपला माणूस निवडण्याची व बदलण्याची वाट खुली आहे की नाही, हे आधी पाहावे.

दुसरी निकड इतिहासाच्या साधनांची आहे. मीना मेनन व नीरा आडारकर यांनी गिरणगावातील रहिवाशांच्या मौखिक आठवणी संकलित करून या क्षेत्रात महत्त्वाचे काम केले आहे. परंतु उत्सवमंडळांच्या इतिवृत्तांच्या वह्या, गावकीच्या खोलीतील वर्गणीचे हिशेब, व्यायामशाळांची नोंदपुस्तके आणि ठाकूरद्वारच्या छापखान्यांतून निघालेली हस्तपत्रके ही साधने अद्याप बहुतांशी घरांतील ट्रंकांत आणि माळ्यांवर आहेत. गिरगावातील व लालबागमधील चाळींचा पुनर्विकास वेगाने होत आहे. चाळ पाडली जाते तेव्हा माळाही रिकामा केला जातो. महाविद्यालयांच्या इतिहास विभागांनी विद्यार्थ्यांच्या प्रकल्पांतून आपापल्या परिसरातील ही साधने जतन केली नाहीत, तर नेत्यांच्या अनुपस्थितीत शहर चालविणारी आणि थांबविणारी माणसे इतिहासातूनही अनुपस्थितच राहतील.